बरोबर बिलाचा माणूस

नागपूर स्टेशनवर उतरला तेव्हा जितेंद्रच्या एका हातात स्वतःची बॅग होती आणि दुसऱ्या हातात आत्याची साडी. म्हणजे आत्याची नव्हे, आत्यासारखी. हिरवी, सुती, बारीक काठाची. सोबत पांढऱ्या केसांचा टोप आणि साखळीचा चष्मा. गेली दोन वर्षं दर शनिवारी हा सगळा सरंजाम अंगावर चढवून तो टीव्हीवर चंद्राआत्या व्हायचा. ही चंद्राआत्या मुळात कोण, हे महाराष्ट्राला ठाऊक नव्हतं. नंदनवनातल्या त्यांच्या घराला मात्र पक्कं ठाऊक होतं, घरातलं एक माणूस सोडून. ते माणूस म्हणजे खुद्द गोपिकाआत्या. आणि आज अकरा वाजता टीव्हीवाले कॅमेरा घेऊन तिलाच भेटायला येणार होते.

'शनिवार खळखळाट' या कार्यक्रमात जितेंद्रला बारा वर्षं झाली होती. हे कुणाला सांगितलं की समोरचा म्हणायचा, "अरे वा! तुम्ही कोणते?" हा प्रश्न अगदी रास्त होता. पहिली दहा वर्षं तो दुसरा हवालदार होता. पहिला हवालदार बोलतो, दुसरा सलाम ठोकतो. मधूनमधून तो अस्वल व्हायचा, तेही नाचणारं नव्हे, बसून राहणारं. एकदा जादूगाराने त्याला पेटीत घालून मधोमध कापलं आणि जोडायच्या आधीच जाहिराती लागल्या. तो आठ मिनिटं तसाच पेटीत पडून राहिला. नंतर त्याला विचारलं तर म्हणाला, काही त्रास झाला नाही, उलट कॅमेरा सगळा वेळ पेटीवरच होता. पुढे पोस्टमनची भूमिका मिळाली, ती अकरा भाग चालली. आणि मग एके दिवशी म्हातारीचं काम करणाऱ्या बाईंना ताप आला. उंची जुळते म्हणून साडी जितेंद्रला नेसवली. लिहून दिलेलं वाक्य आयत्या वेळी विसरल्यामुळे त्याने मान तिरकी केली, चष्म्यावरून बघितलं, आणि लहानपणापासून रोज ऐकलेलं वाक्य बोलून टाकलं, "बोला. थोडक्यात."

सभागृह कोसळलं. बारा वर्षांत पहिल्यांदाच त्याच्यामुळे काहीतरी कोसळलं होतं.

आता मात्र वाहिनीने नऊ कलाकारांतले सहाच ठेवायचं ठरवलं होतं. कार्यक्रमाचं सगळं बघणाऱ्या मयुरा मॅडमनी त्याला कॉफी पाजून सांगितलं होतं, "सर, पाचशेव्या भागात आम्हाला खरी आत्या हवी. त्या आल्या की तुमची जागा पक्की. नाही आल्या तर मी काहीच करू शकणार नाही." त्या त्याला 'सर' म्हणाल्या, तिथेच त्याला काय ते कळलं होतं.

घरी पोचला तर दार चारुलतावहिनीने उघडलं आणि त्याला थेट स्वयंपाकघरात ओढून नेलं.

"भाऊजी, आत्याबाईंनी पहाटेच डोकं धुतलं. नवीन साडी काढली. गल्लीत चार घरी सांगून आल्या का आमच्या जितूसाठी टीव्हीवाले येऊन राहिले म्हणून. आता तुमीच सांगा त्यायले. मी नाई सांगत."

"वहिनी, तुम्ही सांगायचं असं ठरलं होतं ना फोनवर?"

"ठरवलं तुमी. मी फक्त हूं हूं केलं."

तेवढ्यात दुर्गेशदादा आत आला. हा जितेंद्रचा थोरला भाऊ, बँकेत कारकून. धाकट्याने हा तमाशा सोडून नागपुरात नीट नोकरी धरावी, हे त्याचं म्हणणं बारा वर्षांपासून चालू होतं आणि त्यात त्याने एका शब्दाचाही बदल केला नव्हता.

"मी पहिलेच सांगितलं होतं," दादा म्हणाला.

"काय सांगितलं होतं?"

"हेच. का हे अंगावर येईन."

"तुमी सांगितलं होतं?" वहिनी लाटणं घेऊनच वळली. "पेनड्राइव्ह कोणी आणला? मी आणला का?"

पेनड्राइव्हचं प्रकरण असं होतं. जितेंद्र चंद्राआत्या झाला त्याच आठवड्यात दादाने हुकूम सोडला, की हे आत्याला दिसता कामा नये. आत्याने चौतीस वर्षं विजेच्या ऑफिसात बिलाच्या तक्रारींच्या खिडकीवर काढली. माणसं भांडायला आली, रडायला आली, एकदा एकजण मीटर उपटून घेऊन आला, पण तिच्यावर हसण्याची कुणाची छाती झाली नव्हती. तेव्हा नूपुरने, म्हणजे दादाच्या सोळा वर्षांच्या मुलीने, जितूकाकाचे पोस्टमनचे अकरा जुने भाग पेनड्राइव्हमध्ये भरले. दर शनिवारी नऊ वाजता आत्यासमोर टीव्ही लागायचा आणि त्यातून पोस्टमन निघायचा. अकरा संपले की पुन्हा एक. आत्या सगळे भाग शेवटपर्यंत बघायची. एवढंच म्हणायची, "या लोकायले नवीन काही सुचत नाई का वं?" आणि सगळे एका सुरात म्हणायचे, "नाई ना."

"काका, मी सांगू का?" नूपुर दारात उभी होती. चंद्राआत्याच्या नावाने तिने इन्स्टाग्रामवर पान चालवलं होतं आणि त्याला बेचाळीस हजार लोक लागले होते, त्यामुळे या विषयात घरात तिचा शब्द जड झाला होता. "मस्त सांगते मी. आत्याआजी, तू फेमस आहे, एवढंच म्हणायचं. बाकी आपोआप होते."

"तू शाळेचं बघ," तिघेही एकदम म्हणाले. सकाळपासून एवढ्या एकाच गोष्टीवर घराचं एकमत झालं.

शेवटी असं ठरलं की पोह्यांच्या वेळी दादाने सुरुवात करायची, वहिनीने सावरायचं आणि जितेंद्रने पाया पडायचं.

आत्या टेबलाशी येऊन बसली. सदुसष्ट वर्षांची, ताठ कण्याची बाई. जितेंद्र चार वर्षांचा होता आणि दादा नऊचा, तेव्हा रामटेकहून येताना एसटीच्या अपघातात त्यांचे आईवडील गेले. सत्तावीस वर्षांच्या या आत्याने दोघांना हाताला धरून नागपूरला आणलं, ते आणलंच. आज तिने मोरपंखी साडी नेसली होती आणि केसांना तेल लावून इतका घट्ट अंबाडा घातला होता की भुवयासुद्धा वर गेल्या होत्या.

"आत्या, तुले एक सांगायचं होतं," दादा म्हणाला.

"सांग."

"ते… वरची टाकी भरली."

"बरं झालं."

दादाने पोह्यात तोंड घातलं. वहिनीने सावरायचं होतं, पण सावरण्यासारखं अजून काही सांडलंच नव्हतं.

"आता मी सांगते," आत्या म्हणाली, आणि पदराआडून घडी घातलेला कागद काढला. "टीव्हीवाले विचारतीन, जितेंद्र कसा आहे म्हणून. आयत्या वेळी फाफटपसारा नको. मी मुद्दे काढले." तिने चष्मा चढवला. "मुद्दा एक. लहानपणी फार बोलत नसे. मुद्दा दोन. शाळेच्या गॅदरिंगमध्ये त्याला झाडाचं काम होतं, ते त्याने चोख केलं. मुद्दा तीन. दर रविवारी सकाळी दहाला व्हिडिओवर फोन करतो. दोन वर्षांत एकही रविवार चुकला नाही. काय खाल्लं, गुडघा कसा आहे, ऑफिसातल्या जुन्या गोष्टी, सगळं विचारतो. पोटचा मुलगा करणार नाही इतकं." तिने कागदावरून वर बघितलं. "हा मुद्दा मी पहिला घेणार होते. पण वाटलं, बाकीच्या पोरायच्या आयांले बरं नाई वाटणार."

जितेंद्रच्या घशात शेंगदाणा अडकला. दादाने पाठीत दोन धपाटे घातले. ते शेंगदाण्याला हवे होते त्याहून बरेच जोरात होते.

कारण रविवारच्या फोनचं खरं काय ते दादाला माहीत होतं. वहिनीला माहीत होतं. नूपुरलाही. रविवारचा फोन दुसऱ्या फोनवर रेकॉर्ड व्हायचा. सोमवारी जितेंद्र तो ऐकून वहीत उतरवायचा आणि मंगळवारी लेखकांसमोर मांडायचा. पुढच्या शनिवारी महाराष्ट्र हसायचा.

टीव्हीवाले अकरा म्हणून दहालाच आले. घरात दिवे, वायरी, चार माणसं आणि मयुरा मॅडम. त्यांनी सगळ्यांना नमस्कार केला, आत्याला दोनदा केला, आणि जितेंद्रला जिन्याखाली बाजूला घेतलं.

"त्यांना अजून काही माहीत नाहीये ना? नूपुर मला म्हणाली. परफेक्ट. आपण त्यांना टॅबवर एक स्किट दाखवू आणि चेहरा टिपू. पहिल्यांदा बघतानाचा चेहरा पुन्हा मिळत नाही, सर."

"कोणतं स्किट?"

"बरोबर बिलवाला. दुसरं कोणतं?"

जितेंद्र जिन्याच्या पायरीवर बसला. 'बरोबर बिलवाला' हे चंद्राआत्याचं सगळ्यात गाजलेलं स्किट. तिच्या खिडकीवर एक माणूस दर महिन्याला तक्रार घेऊन येतो. बिल जास्त आलं म्हणतो. ती तपासते. बिल बरोबर असतं. पुढच्या महिन्यात तो पुन्हा हजर. बिल पुन्हा बरोबर. असा तो तीन वर्षं येतो आणि बाईला शेवटपर्यंत कळत नाही की हा बिलासाठी येतच नाही. शेवटी ती त्याला शिपायाकरवी हाकलते. नाटकाच्या गाड्या फिरवणारे ड्रायव्हरसुद्धा एकमेकांना आता "काय बरोबर बिलवाले!" अशी हाक मारत होते.

"दुसरं घ्या ना, मॅडम. वरणाचं घ्या. बसच्या तिकिटाचं घ्या."

"सर," मयुरा मॅडम शांतपणे म्हणाल्या, "सहाच जागा आहेत."

दादाला वाटत होतं की ती गोष्ट जितूने रचली. वहिनीलाही तेच वाटत होतं. ती रचलेली नव्हती, हे दोनच माणसांना माहीत होतं. दीड वर्षापूर्वी एका रविवारी आत्या बोलता बोलता थांबली होती, आणि खोलीचं दार लावून आली होती. नंतर तिने अर्धा तास सांगितलं. तिने हे आजवर कुणालाच सांगितलं नव्हतं. रेकॉर्डिंग नेहमीसारखं चालू होतं.

जितेंद्र उठला. त्याने सोबत आणलेली साडी खुर्चीवर ठेवली, आत्याच्या खोलीत गेला आणि आतून कडी लावली. आत्या आरशासमोर पावडर लावत होती.

"आत्या, मले काही सांगायचं आहे. टाकीचं नाई."

त्याने सांगितलं. पेनड्राइव्ह सांगितला, साडी सांगितली, चंद्राआत्या सांगितली. आत्या पावडरचा डबा हातात घेऊन ऐकत राहिली.

"म्हणजे तो पोस्टमन दोन वर्षं तेच पत्र वाटून राहिला होता?"

"हाव."

"मी चारुलतेले म्हणायची, का या पोस्टमनची बदली काहून करत नाई." तिने डबा ठेवला. "बरं. तू माझी नक्कल करते. लोक हसतात. यात तोंड पाडण्यासारखं काय आहे? ऑफिसात सबनीस करायचा माझी नक्कल. मले माहीत होतं. मी त्याची रजा अडवली नाई कधी."

"त्यात बिलवाल्याचं घेतलं, आत्या."

बाहेर कुणीतरी दिवा सरकवला, त्याचा फरशीवर आवाज झाला.

"दाखव," ती म्हणाली.

त्याने फोनवर लावलं. सात मिनिटांचं होतं. आत्याने पलंगावर बसून फोन हातभर दूर धरला आणि पूर्ण पाहिलं. चेहऱ्यावरची एक रेष हलली नाही. वाईट बातमीचा कागद माणसं वाचतात, तशी ती बघत होती. मध्येच म्हणाली, "मी पदर असा नाई खोचत." पुढे म्हणाली, "हे हसणारे तिथंच बसले राहतात का?"

"काही बसतात. बाकीचं मागून टाकतात."

"म्हणजे एवढे लोक नाई हसले."

"याच्याहून जास्त हसले. घरोघरी."

शिपाई त्या माणसाला कॉलर धरून बाहेर काढतो, तो धडपडतो, त्याच्या हातातली बिलं उडतात आणि टाळ्या पडतात. संपलं. आत्याने फोन परत दिला.

"त्याचं नाव नाई घेतलं ते एक बरं केलं."

"तू सांगितलंच नव्हतं."

"तरीच." ती चष्मा पुसू लागली. "रविवारचा फोन यासाठी होता?"

जितेंद्रला खोटं बोलता येत होतं, तो त्याचा धंदाच होता. पण समोर अशी बाई होती जिने चौतीस वर्षं फक्त खोटं बोलणाऱ्यांचंच ऐकलं होतं.

"पहिले नव्हता. पहिले दोन-तीन रविवार असेच केले. मंग यासाठी झाला."

"पहिले दोन-तीन," आत्या म्हणाली. तिने ते मनात कुठेतरी जमा केलं असावं. "मी त्याले हाकललं नव्हतं, जितू. शिपायानं तं नाईच नाई. शेवटच्या महिन्यात तो म्हणाला, बाई, माझी चंद्रपूरले बदली झाली, आता बिल तिकडं येईन. मी म्हटलं, बरं. दोन पोरं होती मले, मी आणखी काय म्हणणार होती? तो गेला. बिल घडी करून खिशात ठेवलं आणि गेला. आता तो कुठं असन तं घरी टीव्ही असनच ना त्याच्या. त्यानं पाहिलं असन. त्याले वाटलं असन का मीच सांगितलं. का बाई घरी जाऊन पोरायले हसून सांगे, एक येडा दर महिन्याले येते म्हणून."

जितेंद्रने चेहऱ्यावरून हात फिरवला. दारावर थाप पडली. "आत्या, लाइट रेडी आहे," मयुरा मॅडमचा आवाज आला.

"आत्या, तू जाऊ नको. मी नाई म्हणून सांगतो."

"आणि तुझी नोकरी?"

"तुले कोणी सांगितलं?"

"नूपुरनं. पहाटे पाच वाजता. त्या पोरीच्या पोटात काही राहते का?" तिने उठून पदर नीट केला. "कडी काढ."

बैठकीत सगळे अर्धगोल करून उभे होते. दादाने जितेंद्रचा चेहरा पाहिला आणि त्याला कळलं की सांगून झालंय. आता आपली बाजू लवकर पक्की केलेली बरी, असा विचार करून तो पुढे झाला.

"आत्या, मी पहिलेच याले म्हटलं होतं, का हे बरोबर नाई. मले कधी आवडलं नाई ते."

"काहो," वहिनी म्हणाली, "त्या बिलवाल्याले हसताहसता सोफ्यावरून खाली कोण पडलं होतं? पाठीले शेक मी दिला."

"ते सोफ्याची स्प्रिंग…"

"तीनदा पाहिलं तुमी ते. तिसऱ्यांदा बँकेतले लोक बोलावून."

आत्याने दादाकडे एकदा पाहिलं. दादाने आपली बाजू सोडून दिली आणि भिंतीला टेकला.

आत्या खुर्चीवर बसली. मयुरा मॅडमनी टॅब पुढे केला तेव्हा तिने हात आडवा केला. "पाहिलं मी." मॅडमनी जितेंद्रकडे पाहिलं. पहिल्यांदा बघतानाचा चेहरा गेला होता. पण त्या कामातल्या बाई होत्या, लगेच दुसरीकडे वळल्या.

"हरकत नाही. आत्या, मी प्रश्न विचारते, तुम्ही कॅमेऱ्याकडे बघून सांगा. चंद्राआत्या म्हणजे तुम्हीच ना?"

"हो."

"राग आला का बघून?"

"पदर चुकला आहे. बाकी अभ्यास चांगला केला आहे." कॅमेरा लागल्याबरोबर आत्या ऑफिसच्या भाषेत गेली होती. नूपुर तोंड दाबून हसत होती.

"आणि तो बरोबर बिलवाला? तो खरंच होता का हो?" मयुरा मॅडम पुढे झुकल्या. सगळेच झुकले. दादा भिंतीवरून सुटला. त्याला आत्ता, या क्षणी, पहिल्यांदा शंका आली होती.

जितेंद्र म्हणाला, "मॅडम, तो प्रश्न नको."

"होता," आत्या म्हणाली.

दादाच्या तोंडून "आँ?" निघालं आणि ते रेकॉर्डही झालं.

आत्याने कॅमेऱ्याकडे पाहिलं. मान तिरकी नव्हती. चष्म्यावरूनही नव्हतं. चष्म्यातून, सरळ. "तो ग्राहक होता. सभ्य गृहस्थ. कार्यक्रमात त्यांना वेड्यासारखं दाखवलं आहे, ते चूक आहे. त्यांचं बिल बरोबर नव्हतं. तीन वर्षं, दर महिन्याला, बिल खरोखरच जास्त येत होतं. त्यांची तक्रार योग्य होती. तपासण्यात चूक माझी होत होती. हे मी तेव्हा मान्य करायला पाहिजे होतं. तेव्हा केलं नाही. आज करते."

ज्या बाईने चौतीस वर्षांत एका रुपयाची चूक केली नव्हती, आणि ज्या बाईने हे दोन्ही पोरांना प्रत्येक प्रगतिपुस्तकाच्या वेळी ऐकवलं होतं, ती सगळ्या महाराष्ट्रासमोर छत्तीस चुका कबूल करून बसली होती. ती खोटं बोलत होती हे ओळखणारा खोलीत एकटा जितेंद्र होता. आणि जर कुठे, चंद्रपुरात म्हणा की आणखी कुठे, एखादा म्हातारा गृहस्थ हा कार्यक्रम बघणार असला, तर त्यालाही ते ओळखू येणार होतं.

मयुरा मॅडमनी कॅमेरा थांबवला आणि जितेंद्रला पुन्हा जिन्याखाली नेलं. "छान आहेत त्या. खूप छान. शेवटचं तेवढं कापते मी. बिल चुकीचं होतं म्हटलं तर विनोदच संपला ना! 'तो ग्राहक होता, सभ्य गृहस्थ' इथे थांबू, त्यावर हशा टाकू, आणि तुम्ही त्या साडीत एन्ट्री घ्या. झालं. जागा पक्की, सर."

"हशा टाकणार?"

"थोडासाच."

जितेंद्रने बारा वर्षांत कोणत्याही मॅडमना नाही म्हटलेलं नव्हतं. कसं म्हणतात याचा सरावही नव्हता. त्यामुळे ते जरा मोठ्याने निघालं.

"नाही! ते पूर्ण राहील. एक शब्द कापायचा नाही आणि त्यावर कुणी हसायचं नाही. नाहीतर सगळंच सोडून द्या. आत्याची सही अजून झालेली नाही तुमच्या कागदावर."

"सर, विचार करा. हे दाखवलं की बिलवाला पुन्हा करता येणार नाही. लोक म्हणतील, अरे, त्याचं तर बिल चुकलं होतं बिचाऱ्याचं. आणि बिलवाला गेला की चंद्राआत्यात राहिलं काय? मग तुम्ही पुन्हा दुसरे हवालदार. आणि सहा जणांत दुसऱ्या हवालदाराला जागा नाहीये."

"माहीत आहे."

मयुरा मॅडम त्याच्याकडे बघत राहिल्या. त्यांच्या नजरेत राग नव्हता. मग म्हणाल्या, "ठीक आहे. पूर्ण ठेवते. शब्द देते." आणि जाता जाता, "तुमचं नाव मी यादीतून काढते, सर. वाईट वाटतंय मला."

"या मॅडमचंच नाव काढा म्हणा यादीतून!" दादा एकाएकी मागून गरजला. तो जिन्याच्या कठड्याला लागून सगळं ऐकत होता. "बारा वर्षं यानं इमानानं काम केलं तिथं! अस्वल केलं, बसून राहणारं! कोणी करते का आजकाल?" बारा वर्षं ज्या नोकरीला तो नावं ठेवत आला, तिच्यासाठी भांडताना त्याचा आवाज चिरकला. वहिनी त्याला हाताला धरून आत घेऊन गेली, आणि जाताना तिनेही मॅडमकडे एक नजर टाकली. मॅडमना गोळाभाताचं आमंत्रण होतं, त्या जेवायला थांबल्या नाहीत.

आत्याने सहीच्या कागदाच्या दोन्ही बाजू वाचल्या आणि खाली स्वतःच्या हाताने लिहिलं, 'माझे शेवटचे निवेदन न कापण्याच्या अटीवर.' सही केली. तारीख घातली. गाडी गेली.

सगळे जेवायला बसले. नूपुरने एकदाच विचारलं, "आत्याआजी, तो दिसायला कसा होता?" आणि आत्या म्हणाली, "जेव." पण म्हणताना ती लाजली, हे नूपुरने नक्की पाहिलं आणि इन्स्टाग्रामच्या पानावर टाकलं मात्र नाही. बेचाळीस हजार लोकांना त्या दिवशी काहीच मिळालं नाही.

नंतर आत्या मागच्या अंगणात खुर्ची टाकून बसली. जितेंद्र पायरीवर बसला.

"गेली नोकरी?"

"हाव."

"माझ्यामुळं?"

"माझ्यामुळं."

"हूं." तिने ते तपासून घेतलं आणि हरकत घेतली नाही. "मी अजून रागात आहे, जितू. ते आज संपणार नाई. पुढच्या रविवारीही नाई संपणार."

"मी फोन करू का पुढच्या रविवारी?"

"इथंच असशीन ना आता. फोन कायले?" ती त्याच्याकडे वळली. "दोन वर्षं मीच बोलून राहिली. तुझं काय चालू आहे ते मले एक माहीत नाई. मुंबईत तू जेवते कुठं, राहते कोणासंग, बीमार पडला तं पाणी कोण देते? मुद्दे काढाले बसली तं तीनच निघाले. माझ्याच घरचं पोरगं. आता तू सांग."

"काय सांगू?"

"सगळं. मले घाई नाई."

जितेंद्रने खाकरून घेतलं. मग तो म्हणाला, की मुंबईतली खोली एवढी लहान आहे, एवढी लहान आहे, की स्वप्न पडलं तर ते बाहेरच्या पॅसेजमध्ये पडतं. आणि सवयीने एवढा वेळ थांबला, जेवढ्या वेळात हशा येतो.

आत्या त्याच्याकडे बघत होती. तिला हसू आलेलं नव्हतं आणि तिला कंटाळाही आलेला नव्हता. ती नुसती पुढच्या वाक्याची वाट बघत बसली होती.

"खोली लहान आहे," जितेंद्र म्हणाला. त्याचा आवाज त्याच्या ओळखीचा नव्हता. "एकटाच राहतो मी, आत्या. मागच्या वर्षी टायफॉइड झाला होता. कोणाले सांगितलं नाई."

"कोणत्या महिन्यात?" आत्याने विचारलं, आणि खुर्ची जवळ ओढली.